पहिल्या काठीचा मान

गौरेश मळीक याचा पहिला सिनेमा वाड्यावरच्या शाळेत दाखवला, त्या संध्याकाळी माणसं चटया घेऊन, पोरांसाठी पोदेराच्या भट्टीतले कडक उंडे पाव बांधून, जत्रेला निघाल्यासारखी आली होती. गोव्यात, पेडण्याकडच्या इब्रामपूर आणि हळर्ण यांच्या मधला हा वाडा. इथे सिनेमा काढणारा माणूस पहिल्यांदाच जन्माला आलेला, म्हणून कौतुक होतं, आणि फुकट होता म्हणून गर्दीही होती.

पडद्यावर पाणी दिसलं. डिचोलीकडच्या बंद पडलेल्या एका खाणीच्या खड्ड्यात साठलेलं, हिरवं, थिजलेलं पाणी. पुष्कळ वेळ झाला तरी पाणीच. मागून घुमट या मातीच्या वाद्याचा आवाज येत होता, पण इतका संथ केलेला, की कोणाच्या तरी पोटात कळ आलीय आणि सांगायची लाज वाटतेय, असं वाटावं. शेवटी म्हाताऱ्या बाबलीला राहवलं नाही.

"रे गौरेश, हिरो खंय?"

"बुडलो," मागून कोणी तरी बोललं.

"मगे हिरवीण?"

"ती त्याका शोधता हा."

मग असा हशा झाला की सिनेमा संपला कधी ते कोणालाच कळलं नाही. प्रोजेक्टरची वायर गुंडाळताना गौरेशही हसत होता. न हसणाऱ्याला त्या वाड्यावर महिनाभर रस्त्याने सुखाने चालू देत नाहीत, हे त्याला लहानपणापासून ठाऊक होतं. पण त्या पाण्यात त्याला काय काय हललेलं दिसत होतं, ते सांगायला त्याच्याकडे माणूस नव्हतं. एक क्षमा सोडली तर.

क्षमा त्याची बायको, दोडामार्गाकडची. पोटापाण्याला दोघं लग्नाचे व्हिडिओ काढतात. धारगळला हमरस्त्याच्या कडेला त्यांचा शटरचा गाळा आहे, टायरवाला आणि चिकनवाला यांच्या मध्ये. नवरीने आणखी एकदा डोळे पुसावेत म्हणून तिला गोड बोलून पटवण्यात गौरेशचा हात धरणारा तालुक्यात नाही. अल्बम क्षमा लावते, गिऱ्हाईक क्षमा सांभाळते, आणि नवऱ्याचं डोकं ठिकाणावर आहे असं लोकांना पटवायचं कामही तिच्याचकडे. कोणी विचारलं की ती ताठ मानेने सांगायची, "सिनेमे काढतत. संगीत देतत." मग पुढचा प्रश्न यायच्या आत विषय बदलायची.

दुसरा सिनेमा तर त्याहून पुढचा. लोकांनी न नेलेल्या लग्नाच्या जुन्या टेपा त्याने एका पावसात गोठ्यामागच्या चिखलात पुरल्या आणि दिवाळीनंतर उकरून काढल्या. जे उरलं होतं, म्हणजे अर्धा चेहरा, मुंडावळीची एक झालर, पंगतीवरून पसरत गेलेला निळा डाग, ते त्याने जोडलं आणि मागे पायपेटीचा एकच सूर धरून ठेवला. ही बातमी फुटल्यावर शेजारची शालिनी तणतणत गाळ्यावर आली.

"माझा लगीन चिखलात पुरलंस रे मेल्या?"

तिचा नवरा मागे स्कूटर उभी करत होता. तो तिथूनच म्हणाला, "त्यात खोटा काय दाखवल्यान?"

त्या सिनेमापेक्षा हा संवादच वाड्यावर जास्त चालला.

पण हाच कुजका सिनेमा केरळात कुठल्याशा महोत्सवात गेला, आणि तिथे पुण्याच्या अमोल नावाच्या दिग्दर्शकाला भावला. चित्र नव्हे, आवाज. त्याने फोन केला: माझ्या सिनेमाला पार्श्वसंगीत द्याल का? गौरेशने कानाचा फोन काढून क्षमाकडे बघितलं, परत कानाला लावला आणि हो म्हणाला.

तिथून त्याची दुसरी कारकीर्द सुरू झाली. गाळ्याचं शटर ओढून घ्यायचं, भिंतींना गाद्या टेकवायच्या आणि आवाज गोळा करायचे. नारळ खवण्याचा. खनिजाच्या ट्रकचा मागचा फाळका आपटल्याचा. सूर न लावता नुसता भाता हलवला की पायपेटी श्वास घेते, तो. माईक बांधलेला असायचा कपडे वाळत घालायच्या काठीला आणि ती काठी धरून क्षमा उभी. अमोलच्या लागोपाठ तीन सिनेमांना त्याने असं संगीत दिलं. तिन्ही वेळा संगीतकार म्हणून दुसऱ्याच कोणाचं नाव आलं, आणि माणसं उठून चपला शोधत असतात त्या वेळी जी अक्षरं वर सरकतात, त्यांत कुठे तरी 'ध्वनी साहाय्य' म्हणून गौरेश.

"पुढच्या वेळी नक्की हां, गौरेशजी," अमोल म्हणायचा.

वाड्यावर विचारायचे, "तुझा गाणा खंयचा त्यात?"

"गाणा नाय. पार्श्वसंगीत."

"म्हणजे मागला?"

"हां."

"मागे कोण बघता रे!"

चौथ्या सिनेमाच्या वेळी मात्र अमोलने शब्द दिला. गोष्ट कोकणातली, त्यात शिगम्याचा, म्हणजे तिकडच्या होळीच्या उत्सवाचा, मोठा प्रसंग. संगीत एकट्या गौरेशचं, नाव पोस्टरवर. फक्त एक अट होती. "मला कॉम्प्युटरमधला ढोल नको. तुमच्याकडचा हवा. देवळातला."

आता इथे घोडं अडलं. वाड्याच्या राष्ट्रोळी देवासमोर शिगम्याचा मांड भरतो, म्हणजे रोंबाटाला, ढोलताशांच्या नाचत्या मिरवणुकीला, जमायची ठरलेली पवित्र जागा. त्या मांडावर ढोलावर पहिली काठी पडते ती मळकांच्या, म्हणजे गौरेशच्या घरची. मळकाने काठी मारल्याशिवाय ताशेवालाही बोट हलवत नाही. शिगमा संपला की ढोलाच्या दोऱ्या सैल करतात, त्याला कापडात गुंडाळतात आणि देवळाच्या माळ्यावर ठेवतात. पुढच्या फाल्गुनापर्यंत तो निजलेला. त्याला मध्येच उठवायचं नाही. माळ्याची किल्ली मळकांकडेच. गौरेशच्या बापाने हात कापायला लागले तरी काठी सोडली नव्हती. त्याच्यामागे गौरेशच्या आईला, यशोदेला, नवऱ्याची म्हणून जी एक गोष्ट उरली होती, ती ही काठी. लेकाचे सिनेमे तिने पाहिले होते. "पाणी बरा होता," इतकंच ती म्हणाली होती. पण शिगम्याच्या दिवशी ती नवं लुगडं नेसून बायकांच्या पुढे उभी राहायची आणि ते तिला कोणी शिकवलं नव्हतं.

अमोलने ढोल मागितला तो श्रावण होता. गौरेश मुख्य मानकऱ्याकडे, बाबुरावकाकांकडे गेला. बाबुराव जन्मभर बसवर कंडक्टर होते. देवासमोर गाऱ्हाणं तेच घालतात, पण अजूनही पुढे सरका, पुढे सरका असाच सूर लागतो.

"काका, ढोल भायर काढूचो होतो. कामासाठी. धारगळाक नेवन परत आणतंय."

"श्रावणात?" बाबुरावांनी तोंडातलं पान एका गालातून दुसऱ्या गालात नेलं. "मी कोण सांगणारो? देवाक इचारया."

कौल लावला. देवाच्या पाषाणावर दोन ओल्या पाकळ्या चिकटवल्या, एक उजवीकडे, एक डावीकडे. उजवी पडली तर होय, डावी पडली तर नाही. गौरेश हात जोडून उभा राहिला. पाकळ्या काही पडल्या नाहीत. बाबुरावांची जेवणाची वेळ टळायला आली.

"देव गप्प असा," ते म्हणाले. "उद्या परत लावया."

दुसऱ्या दिवशीही देव गप्प. तोवर अमोलचा फोन आला: शुक्रवारपर्यंत आवाज नाही मिळाला, तर प्रोड्युसर थांबणार नाही. त्या दुपारी गौरेश पुन्हा एकटाच देवळात गेला आणि त्या चिकटलेल्या पाकळ्यांकडे बघत बसला. वाड्यावरच्या दुसऱ्या कोणीही देव गप्प म्हणजे आपणही गप्प, असं मानलं असतं. पण हा माणूस न हलणाऱ्या पाण्याकडे बघून सिनेमा काढणारा. त्याने विचार केला, नाही म्हणायचं असतं तर डावी पडली असती. पडली नाही. म्हणजे देवाची ना नाही. त्याने किल्ली काढली.

गाळ्याचं शटर खाली ओढलं. ढोलाला शेकायला विस्तव कुठला, म्हणून क्षमाने नवरीमुलींचे केस वाळवायचा ड्रायर त्याच्या कातड्यावर धरला. मग तिने माईकची काठी उचलली. गौरेशने शिगम्याची चाल वाजवलीच नाही. दोऱ्या सैलच ठेवून त्याने काठी नुसती टेकवली. फुगलेल्या दारावर आतून कोणी हात ठेवावा तसा आवाज आला. मग एक दोरी ताणली, पुन्हा टेकवली. दुसरी ताणली. ढोल हळूहळू कूस बदलू लागला, गुरगुरू लागला, आणि सगळ्या दोऱ्या ताणून झाल्यावर त्याने जी एकच काठी मारली, तिने शेजारी टायरवाल्याच्या हातातला पाना खाली पडला. क्षमाच्या खांद्यात चमक भरली होती, तरी तिने काठी खाली घेतली नाही.

"ह्या बरा झाला," गौरेश म्हणाला. स्वतःच्या कामाबद्दल हे शब्द त्याच्या तोंडून तिने त्याआधी कधी ऐकले नव्हते. नंतरही ऐकले नाहीत.

त्यांच्या दुर्दैवाने अमोलचा एक सहायक तिथे होता. ढोल कुशीत घेऊन बसलेल्या गौरेशचं त्याने मोबाईलवर छोटंसं चित्रण केलं, वर 'पेडण्यातला खरा शिगम्याचा ढोल!' असं लिहिलं आणि दिलं जगाला सोडून. संध्याकाळपर्यंत ते वाड्यावरच्या प्रत्येक मोबाईलवर होतं. श्रावणातला ढोल.

त्यानंतर वाड्यावर जे जे बिघडलं, ते गौरेशच्या दारात येऊन पडलं. बस गटारात गेली, ढोलामुळे. माडावर चढणारा पंधरा दिवस फिरकला नाही, ढोलामुळे. शालिनीचा मिक्सर चटणी वाटता वाटता जळला, तोही ढोलामुळेच, जरी तिच्या नवऱ्याचं म्हणणं असं होतं, की मिक्सर शालिनीला कंटाळला होता. चतुर्थी उरकल्यावर मांडावर बैठक बसली आणि ठरलं, की येत्या शिगम्यात पहिली काठी योगेश मारील. योगेश म्हणजे बाबुरावांचा मुलगा.

यशोदेने लेकाला शिव्या दिल्या नाहीत. ती भाताचं ताट त्याच्यासमोर ठेवायची आणि आत जायची. एकदाच बोलली.

"तुझ्या बापाशीन हात कापत होते तरी काठी सोडूक नाय. तू सिनेमासाठी सोडलंस."

"आये, सिनेमा लागांदे. पडद्यावर नाव येतला. मगे बघ."

आता तो त्या एकाच गोष्टीवर लटकलेला होता. वाड्याने तो ढोल ऐकायला हवा. एकदा ऐकला, की पाकळी का पडली नाही ते त्यांनाही कळेल. सिनेमा लागला तो जानेवारीत. गौरेशने बस ठरवली आणि अख्खा वाडा म्हापशाला नेला, बाबुरावांसकट. बसमध्ये सवयीने ते दारातच उभे राहिले होते.

शिगम्याचा प्रसंग आला. पडद्यावर गुलाल उडाला, माणसं नाचली, आणि कानठळ्या बसवणारा एक ढोल सुरू झाला. लग्नात डीजेवाला लावतो तसला, गुळगुळीत, यंत्राचा. गौरेश खुर्चीत पुढे सरकून बसला. कदाचित याच्या नंतर असेल. नंतर नायक-नायिकेचं भांडण आलं, मग समुद्र आला, आणि सिनेमा संपला. संगीतकार म्हणून मुंबईच्या कोणाचं तरी नाव मोठ्या अक्षरांत आलं. सगळ्यात शेवटी 'विशेष आभार: स्थानिक कलाकार'. क्षमा पडदा पांढरा होईपर्यंत वाचत राहिली. केरसुणीवाल्याने तिला पाय वर घ्यायला सांगितले.

बाहेर येऊन त्याने अमोलला फोन लावला. "काय सांगू, गौरेशजी," अमोल म्हणाला, "प्रोड्युसरला तो आवाज फार घरगुती वाटला. पण ट्रॅक मी जपून ठेवलाय हां. सोनं आहे ते."

परतीच्या बसमध्ये कोणी थट्टा केली नाही. हिरो खंय म्हणून कोणी विचारलं नाही. शालिनीने तर त्याला आपल्या पिशवीतला चिवडा दिला. गौरेशला घाम फुटला तो तेव्हा.

आठवड्याभराने बाबुराव घरी आले, सोप्यावर बसले आणि चहा बशीत ओतून घेतला.

"एका अर्थी बरा झाला," ते म्हणाले.

"काय बरा झाला?"

"ढोल सिनेमात नाय. सगळ्या वाड्यान कानांनी आयकल्यान. मगे तू तो वाजवलंस कधी?"

"वाजवलंय, काका."

"आयक रे माझा. व्हिडिओत काय, ढोल घेवन बसलंस इतक्याच दिसता. फोटोक धरलंस, वाजवूक नाय. मांडार देवासमोर इतक्या सांग. मी गाऱ्हाणा घालतंय, देव पोटात घालतलो. काठी तुझी." त्यांनी आवाज खाली आणला. "योगेशाक ताल नाय रे. माका ठावक असा. लोक हसतले."

दाराआड बांगड्या वाजल्या नाहीत, पण आई तिथेच उभी आहे हे गौरेशला कळत होतं. बाबुराव गेल्यावर त्याने क्षमाकडे बघितलं. ती बशी विसळायला घेऊन गेली.

पुढचे दिवस त्याने स्वतःशी हिशेब मांडून बघितले. ढोल वाजलेला ऐकला कोणी? तो, क्षमा, तो मोबाईलवाला, टायरवाला. जगाच्या दृष्टीने तो आवाज नाहीच. मग नाही म्हणायला काय लागतं? जे कोणी ऐकलंच नाही, ते वाजलं नाही म्हटल्याने कोणाचं काय जातं? असं त्याने कितीदा तरी म्हणून बघितलं. रोज सकाळी ते पटायचं आणि गाळ्याचं शटर वर केलं की पटेनासं व्हायचं.

फाल्गुन आला. भर उन्हात मांड भरला. ढोल माळ्यावरून उतरला, विस्तवावर शेकला, दोऱ्या ताणल्या. बाबुरावांनी नारळ ठेवला आणि गाऱ्हाणं सुरू केलं.

"बा राष्ट्रोळ्या म्हाराजा! तुझ्या लेकरान ढोल भायर नेल्यान ही चूक झाली म्हाराजा..."

"व्हय म्हाराजा!" वाडा ओरडला.

"पण अवेळी त्याका वाजवूक नाय म्हाराजा, नुसतो फोटोक धरल्यान..." बाबुराव थांबले, मान वळवली. "व्हय रे, गौरेश?"

सगळा मांड त्याच्याकडे बघू लागला. बायकांच्या पुढे यशोदा उभी होती, नव्या लुगड्यात. ती त्याच्याकडे बघत नव्हती, काठीकडे बघत होती. तिच्या मागे, दोन बायकांच्या खांद्यांमधून, क्षमा दिसत होती. ती मात्र त्याच्याकडेच बघत होती.

"वाजवूक नाय," गौरेश म्हणाला.

"व्हय म्हाराजा!"

काठी त्याच्या हातात आली. त्याने मारली. जोरात मारली, जागच्या जागी मारली, ताशा लगेच उचलला गेला आणि रोंबाट हललं. म्हातारी माणसं म्हणाली, तंतोतंत बापाचो हात. यशोदेने पदराने डोळे टिपले. गौरेश वाजवत राहिला. आवाज स्वच्छ होता, मोठा होता, आणि वाडा नाचत होता, पण त्याला तो कोणी दुसराच वाजवतोय असा दुरून ऐकू येत होता.

घरी आल्यावर क्षमाने त्याच्या कपाळावरचा गुलाल पुसायला ओला पंचा दिला.

"तीन दिवस माझो खांदो दुखत होतो," ती म्हणाली. "तो पण दुखूक नाय म्हणून सांगू?"

त्याने पंचा तोंडावर धरला आणि बराच वेळ काढला नाही.

शिगमा संपून ढोल माळ्यावर गेला, आणि चैत्रात अमोलचा फोन आला. आवाजात नुसता उत्साह. तो परदेशातल्या एका महोत्सवासाठी नवं काम करत होता. चित्र नाहीच, काळा पडदा, आणि सुरुवातीपासून शेवटपर्यंत फक्त तो ढोल. निजलेला ढोल जागा होतो, तो ट्रॅक. "आणि शेवटी एकच नाव, गौरेशजी. तुमचं. दुसरं कोणाचंही नाही. माझंसुद्धा नाही."

गाळ्यात क्षमा कोणाचा तरी अल्बम लावत होती. तिचा हात थांबला.

असं काम आपण करावं, असं गौरेशने त्या खड्ड्यातल्या पाण्याच्या दिवसापासून मनात धरलं होतं. पण नाव आलं म्हणजे बातमी आली, बातमी आली म्हणजे मोबाईल आला, आणि मोबाईल आला म्हणजे मांड. देवासमोर म्हटलेलं खोटं. आईचं लुगडं.

"तो माझा ढोल नाही," तो अमोलला म्हणाला.

"म्हणजे? रागावलात का? अहो, हक्काचं नाव लावतोय आता."

"रागावलो नाही. मी तो वाजवलेला नाही."

"गौरेशजी, माझ्याकडे रेकॉर्डिंग आहे!"

"असेल. मी नाही वाजवलेला. नाव लावू नका."

मग अमोल 'बघतो' म्हणाला. काम त्याने सोडलं नाही. महिन्याभराने त्याने एक छायाचित्र पाठवलं: परदेशातलं सभागृह, काळोखात बसलेली माणसं, आणि पडद्यावर पांढऱ्या अक्षरांत 'पारंपरिक ढोल, गोवा'. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते, असंही त्याने लिहिलं होतं. गौरेशने ते छायाचित्र क्षमाला दाखवलं नाही. तिने ते आधीच पाहिलं होतं.

आता तो सिनेमे काढत नाही. लग्नं मात्र पुष्कळ मिळतात. मोप्याला विमानतळ झाल्यापासून बाहेरची गिऱ्हाइकंही येतात. भिंतीच्या गाद्या क्षमाने उन्हात घालून पाहुण्यांसाठी घरी नेल्या. पहिली काठी अजून त्याचीच आहे, आणि यशोदा दर शिगम्याला पुढे उभी असते.

परवा धारगळच्या बाजारात बांगडे घेताना एका ओळखीच्या बाईने क्षमाला विचारलं, "तुझो घोव काय करता गो हल्ली?"

क्षमा बांगड्याचे कल्ले उघडून बघत होती.

"लग्नाचे व्हिडिओ काढतत," ती म्हणाली, आणि मासेवालीला सांगितलं, हे ताजे नाहीत, दुसरे दाखव.